टाइग केनेली: गोल चेंडू विसरण्याची वर्षे

कोल्हापुरात वाढलेल्या माणसाला फुटबॉलचे वेड समजावून सांगावे लागत नाही. पेठापेठांच्या तालमींचे संघ, शाहू स्टेडियमवरची गर्दी आणि सामन्यानंतर चार दिवस पुरणारी चर्चा हे सगळे आमच्या अंगवळणी पडलेले असते. मी स्वतः काही वर्षे एका तालमीच्या संघात मागच्या फळीत खेळलो, त्यामुळे खेळ कोणताही असला तरी माझी नजर आधी बचावपटूंकडे जाते. २०१० साली नोकरीनिमित्त सिडनीला आल्यावर एका सहकाऱ्याने मला सिडनी क्रिकेट ग्राउंडवर ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉलचा सामना पाहायला नेले. नियम मला फारसे कळत नव्हते, पण सिडनी स्वान्सच्या मागच्या फळीतून चेंडू घेऊन बाहेर धावणारा १७ क्रमांकाचा खेळाडू पहिल्या दहा मिनिटांतच डोळ्यांत भरला. तो आयर्लंडचा आहे आणि अठराव्या वर्षापर्यंत त्याचे आयुष्य गोल चेंडूने खेळण्यात गेले होते, हे मला मध्यंतरात समजले, आणि तेव्हापासून त्याच्या सुरुवातीच्या वर्षांविषयी जे मिळेल ते मी वाचत आलो आहे.

त्याचे नाव टाइग केनेली. नावाचे आयरिश स्पेलिंग पाहून कोणीही चकेल, पण उच्चार ‘टाइग’ असाच आहे. त्याचा जन्म १ जुलै १९८१ चा, आणि गाव आयर्लंडच्या नैर्ऋत्येकडील केरी या काउंटीतले लिस्टोवेल. गेलिक फुटबॉल या आयर्लंडच्या पारंपरिक खेळात केरीचा दबदबा असा की १९९९ पर्यंत या एका काउंटीने अखिल आयर्लंड अजिंक्यपद ३१ वेळा जिंकलेले होते. टाइगचे वडील टिम केनेली हे केरीच्या सुवर्णकाळातले बचावपटू होते. त्यांनी १९७५ ते १९८१ या काळात पाच अजिंक्यपदे मिळवली, त्यांपैकी १९७९ चे कर्णधार म्हणून, आणि त्यांच्या ताकदीमुळे लोक त्यांना ‘घोडा’ म्हणत. लिस्टोवेल एमेट्स हा गावचा क्लब. आपल्याकडच्या तालमीला जे स्थान असते, साधारण तेच तिथे गावच्या क्लबला असते: खेळाडूला पगार मिळत नाही, तो दिवसा आपापला कामधंदा करतो, आणि काउंटीची जर्सी मिळणे हा घराण्याचा मान समजला जातो. अशा घरातल्या मुलाने पुढे काय करायचे, हे गावाने जवळजवळ ठरवूनच टाकलेले असणार.

टाइगने मात्र १९९९ साली, वयाच्या अठराव्या वर्षी, सिडनी स्वान्सचे बोलावणे स्वीकारले. आयरिश मुलांना ऑस्ट्रेलियात नेण्याची कल्पना तेव्हा नवी राहिलेली नव्हती. १९८० च्या दशकात मेलबर्न क्लबचे प्रशिक्षक रॉन बरासी यांनी आयर्लंडमधून तरुण गेलिक खेळाडू आणण्याचा प्रयोग केला होता, आणि त्यातूनच डब्लिनचा जिम स्टाइन्स १९८४ साली मेलबर्नला आला. स्टाइन्सची गोष्ट इथे सांगितली पाहिजे, कारण नवा खेळ शरीरात किती उशिरा मुरतो हे तिच्यातून स्पष्ट दिसते. १९८७ च्या उपांत्य लढतीत मेलबर्न हॉथॉर्नविरुद्ध पुढे होते आणि अखेरचे काही क्षण उरले होते. हॉथॉर्नच्या गॅरी बकेनाराला फ्री किक मिळालेली असताना स्टाइन्स त्याच्यासमोरच्या, नियमाने मोकळ्या ठेवायच्या पट्ट्यातून धावत गेला. पंचांनी बकेनाराला १५ मीटर पुढे आणले, वेळ संपल्याच्या भोंग्यानंतर त्याने गोल मारला आणि १९६४ नंतर प्रथमच अंतिम सामना गाठण्याची मेलबर्नची संधी दोन गुणांनी गेली. तीन वर्षे ऑस्ट्रेलियात घालवलेल्या खेळाडूकडून ही चूक झाली, आणि त्याच खेळाडूने १९९१ साली ऑस्ट्रेलियन फुटबॉल लीगचा सर्वोच्च वैयक्तिक सन्मान असलेले ब्राउनलो पदक मिळवले. टाइगपुढे या रस्त्याची दोन्ही टोके आधीच मांडलेली होती.

दोन्ही खेळ दुरून भावंडांसारखे दिसतात. दोन्हींत चेंडू हातात घेऊन धावता येते, हातातून सोडून लाथाडता येतो, हातावर ठेवून मुठीने सहकाऱ्याकडे मारता येतो. पण हे साम्य शिकणाऱ्याला मदत करते तितकेच फसवतेही, असे माझे मत आहे. गेलिक फुटबॉलमध्ये चेंडू गोल असतो. चार पावलांनंतर तो जमिनीवर आपटावा लागतो किंवा पायाच्या चवड्यावर टाकून पुन्हा हातात झेलावा लागतो, आणि ही दुसरी क्रिया केरीतली पोरे चालायला लागल्यापासून करत असतात. जमिनीवरचा चेंडू थेट हाताने उचलायचा नाही, पायाने वर काढून घ्यायचा. खांद्याला खांदा मारता येतो, पण प्रतिस्पर्ध्याला कवटाळून पाडता येत नाही. ऑस्ट्रेलियन खेळात यातले बहुतेक उलटे आहे. चेंडू लांबट असतो आणि जमिनीवरून हातानेच उचलायचा असतो. धावताना दर १५ मीटरांच्या आत तो एकदा आपटावा किंवा जमिनीला टेकवावा लागतो, आणि त्याचे पुढचे टोक अचूक कोनात जमिनीला लागले तरच तो हातात परत येतो. शिवाय मागून कोणीही येऊन कंबरेत मिठी घालू शकतो, आणि संधी असूनही चेंडू वेळेत सोडला नाही तर फ्री किक प्रतिस्पर्ध्याला मिळते.

लाथेचा प्रश्न याहून अवघड आहे. ऑस्ट्रेलियात बहुतेक लाथा ‘ड्रॉप पंट’ पद्धतीच्या असतात: चेंडू उभा धरायचा, हातातून सरळ पायावर सोडायचा आणि असा मारायचा की तो टोकावरून टोकावर मागच्या दिशेने फिरत जाईल. चेंडू हातातून सुटताना थोडा जरी कलला तरी लाथ कितीही जोरात बसली तरी उपयोग होत नाही. गोल चेंडूला ही शिस्त लागत नाही, कारण तो कसाही सोडला तरी पायाला तीच गोलाई भेटते. म्हणजे टाइगला पाय घडवण्याआधी हात घडवावा लागला, आणि तोही अशा वयात जेव्हा हातापायांच्या सवयी पक्क्या झालेल्या असतात. मी स्वतः डाव्या पायाने पास द्यायला शिकलो तेव्हा मला दोन हंगाम लागले होते, आणि ते तर माझ्याच खेळात, माझ्याच गावात, माझ्याच माणसांसमोर होते. अठरा वर्षांचा एक मुलगा परक्या देशात रोज सकाळी हेच करत होता आणि त्याच्या आजूबाजूची मुले तो चेंडू पाचव्या वर्षापासून हाताळत आली होती, हे चित्र मनात आणले की त्या पहिल्या दीड-दोन वर्षांविषयी मला फार आदर वाटतो.

क्लबने त्याला सुरुवातीला रूकी म्हणून घेतले होते, म्हणजे तो मुख्य यादीच्या बाहेर होता. घरची ओढ तर होतीच. त्यातच २००० साली केरीने पुन्हा अखिल आयर्लंड अजिंक्यपद जिंकले. तो गावी राहिला असता तर आज ना उद्या ज्या जर्सीवर त्याचा हक्क सांगितला गेला असता, तीच जर्सी जिंकत होती, आणि तो पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला चेंडू सरळ सोडायला शिकत होता.

मुख्य संघातला पहिला सामना त्याला २००१ साली मिळाला. त्याला हाफ बॅकची, म्हणजे मागच्या फळीत थोडे पुढे उभ्या राहणाऱ्या बचावपटूची, जागा का मिळाली, याचे उत्तर त्या जागेच्या स्वरूपातच आहे. हा खेळ लंबवर्तुळाकार मैदानावर १८-१८ खेळाडूंमध्ये चालतो आणि त्यात ऑफसाइड नाही. आक्रमकांना बहुतेक वेळा गोलकडे पाठ करून, अंगावर माणूस घेऊन, उंचावरून येणारा चेंडू पकडायचा असतो, आणि ती कला लहानपणापासून घोटावी लागते. हाफ बॅकला मात्र मैदान तोंडासमोर दिसते. त्याला आधी चेंडू कुठे पडणार हे ओळखायचे असते, मग तो उचलून वेगाने बाहेर पडायचे असते आणि पुढच्या माणसापर्यंत पोचवायचा असतो. धावणे, अंदाज आणि धीटपणा या तीन गोष्टी टाइग केरीहून घेऊनच आला होता. नंतर ऑस्ट्रेलियात आलेले अनेक आयरिश खेळाडू याच जागी रुळले, ते याच कारणाने.

तरीही बचावाचा हिशेब त्याला नव्याने शिकावा लागला. मधल्या दोन खांबांतून लाथेने चेंडू गेला तर सहा गुण, बाजूच्या खांबांकडून गेला तर एकच, त्याला ‘बिहाइंड’ म्हणतात. त्या काळी अडचणीत सापडलेला बचावपटू चेंडू मुद्दाम आपल्याच रेषेपलीकडे ढकलून एक गुण देऊन सहा वाचवू शकत असे. मुद्दाम असे करण्यावर निर्बंध २००९ साली आले. कधी एक गुण सोडून द्यायचा आणि कधी जोखीम घेऊन चेंडू खेळत ठेवायचा, हा निर्णय क्षणार्धात घ्यावा लागतो. जन्मभर ‘रेषेपलीकडे जाऊ द्यायचा नाही’ एवढेच शिकलेल्या खेळाडूला तो स्वभावाविरुद्ध वाटणारच.

२००२ च्या हंगामाच्या मध्यात रॉडनी ईड यांनी प्रशिक्षकपद सोडले आणि पॉल रूस यांनी सूत्रे हाती घेतली. रूस स्वतः फिट्झरॉय आणि सिडनीकडून ३५६ सामने खेळलेले, आपल्या पिढीतल्या उत्तम बचावपटूंपैकी एक. त्यांच्या संघात बचाव हा सगळ्या खेळाचा पाया होता. लिओ बॅरीसारखा उंच उडी घेणारा साथीदार शेजारी असताना टाइगला बाहेर धावण्याची मोकळीक मिळाली, आणि ती त्याने पुरेपूर वापरली. २००५ साली लीगचे तेव्हाचे मुख्य अधिकारी अँड्र्यू डेमेट्रिऊ यांनी सिडनीच्या खेळपद्धतीला उघडपणे कुरूप ठरवले. मला ही टीका कधीच पटलेली नाही. गोल न होऊ देणे हेही खेळाचे निम्मे अंग आहे, आणि ज्याने कधी मागच्या फळीत उभे राहून घाम गाळला आहे त्याला त्यातले सौंदर्य दाखवून द्यावे लागत नाही.

२४ सप्टेंबर २००५ रोजी मेलबर्न क्रिकेट ग्राउंडवर अंतिम सामना झाला. सिडनी विरुद्ध वेस्ट कोस्ट, गुणफलक ५८–५४. शेवटच्या क्षणी वेस्ट कोस्टचा चेंडू गोलच्या दिशेने उंच आला आणि लिओ बॅरीने गर्दीच्या डोक्यावरून झेप घेऊन तो झेलला. साउथ मेलबर्न या जुन्या नावाने क्लबने १९३३ साली मिळवलेल्या विजेतेपदानंतर ७२ वर्षांनी आलेले हे विजेतेपद एका बचावपटूच्या हातांनी राखले, याचा मला आजही मनापासून आनंद होतो.

पदक घ्यायला खेळाडू एकेक करून मंचावर गेले. टाइगची पाळी आली तेव्हा पदक गळ्यात पडताच त्याने तिथेच, बूट घातलेल्या पायांनी, आयरिश जिग हा लोकनृत्याचा प्रकार नाचला. लीगचे विजेतेपद मिळवणारा तो पहिला आयरिश खेळाडू होता. दुसरा आणि तिसरा, झॅक टूई आणि मार्क ओ’कॉनर, यायला २०२२ साल उजाडले. त्या नाचाचे चित्रीकरण मी कितीतरी वेळा पाहिले आहे. सहा वर्षे त्या पायांना जे जे विसरायला लावले होते त्यात हा नाच नव्हता, तो लिस्टोवेलहून जसाच्या तसा आला होता.

त्यानंतर तीन महिनेही उलटले नव्हते, तेव्हा, डिसेंबर २००५ मध्ये टिम केनेली अचानक वारले. त्यांचे वय अवघे ५१ होते. टाइग आणखी तीन हंगाम सिडनीकडून खेळला. मग २००९ च्या सुरुवातीला त्याने व्यावसायिक करार बाजूला ठेवला आणि वडिलांची ती जर्सी मागायला, पुन्हा गोल चेंडू हातात घ्यायला, तो केरीला परत गेला. त्याच सप्टेंबरात डब्लिनच्या क्रोक पार्क मैदानावर अखिल आयर्लंड अंतिम सामन्यात केरीने कॉर्कला हरवले तेव्हा विजेत्या संघात तो होता. मी सिडनीत त्याला पाहिले ते त्याच्या पुढच्या वर्षी, तो परतून आल्यानंतर.