लाल पेन्सिलीच्या खुणा
(दहावी, 1986)

स्मरणिका समितीचं पत्र आलं तेव्हा मी घाटकोपरला एका मंगळागौरीच्या कार्यक्रमाला निघाले होते. खांद्यावर दोरीचं बोचकं, हातात मोबाईल. ‘शाळेने आपल्यावर केलेल्या संस्कारांविषयी पाचशे शब्दांत लिहावे.’ समितीने माफ करावं, मला फक्त बाईंवर लिहायचंय आणि ते पाचशेत बसायचं नाही. बाई म्हणजे गाण्याच्या बाई. आमच्या वेळच्यांना आडनाव सांगायला नको, नंतरच्यांना सांगून उपयोग नाही.

मी दोरीवर गाते. दोरीच्या मल्लखांबावर चढून, उलटीसुलटी होत, खरंखुरं गाते. 1988 पासून ऑर्केस्ट्रा केले, गणपती-नवरात्रातले कार्यक्रम केले, कामगारांचे मेळावे केले, दोन वर्षं सर्कशीत काढली. निवेदक मला ‘गाणारी दोरी’ म्हणून पुकारायचे. घरी गॅसवाला आला तरी मुलगा ओरडायचा, ‘ए गाणारी दोरी, दार उघड.’

मल्लखांब शिकवला पीटीच्या सरांनी, तो उपकार आहेच. पायाचा अंगठा आणि शेजारचं बोट यांच्यात दोरी पकडून चढायचं, अढी मारायची, म्हणजे पायांनी दोरीला घट्ट पकड घ्यायची, मग आसन, पुन्हा अढी. पहिला महिनाभर दोरी पोटऱ्यांना आणि मांड्यांना नुसती भाजते. वळ उठतात, मग घट्टे पडतात, मग काही वाटत नाही. सरांचा दंडक एकच होता : दोरीवर तोंड बंद. आणि मला गुणगुणल्याशिवाय राहवायचं नाही.

पाण्याच्या टाकीमागे आमची दोरी टांगलेली असायची आणि गाण्याच्या वर्गाची खिडकी बरोबर तिच्यावर उघडायची. सहावीत असताना एकदा बाई त्या खिडकीत येऊन उभ्या राहिल्या आणि मग थेट खाली आल्या. मी वर लटकलेली. म्हटलं, आता बसतोय मार.

‘श्वास कुठे घेतेस गं?’

‘नाकाने, बाई.’

सर हसायला लागले. बाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, ‘कुठल्या शब्दाला घेतेस ते विचारतेय.’

ते मला ठाऊक नव्हतं. त्यांनाही नव्हतं. मग शाळा सुटल्यावर त्यांनी जे केलं ते मी आजवर फार कुणाला सांगितलेलं नाही. वर्गाचं दार लोटून घेतलं, मला राखणीला उभं केलं, पदर कमरेला खोचला, बाकावर उताण्या झोपल्या, मान बाकाच्या कडेवरून खाली सोडली आणि गायला लागल्या! पंचेचाळिशीच्या बाई, नऊवारी आईच्या जमान्यात वाढलेल्या, जमिनीकडे डोकं करून सा लावताहेत. बाहेरून घंटावाले मामा गेले, मी खोकले, बाई गात राहिल्या. उठल्या तेव्हा तोंड लालबुंद. श्वास खाली बसल्यावर वही उघडून लाल पेन्सिलीने लिहिलं, ‘उलट्यात दोन मात्रांच्या वर सूर लांबवू नये.’

ते आजही खरं आहे. उलटं झालं की पोटातलं सगळं छातीच्या पडद्यावर येऊन बसतं. श्वास पुरता भरत नाही आणि डोक्यात रक्त उतरल्याने आपण मोठ्याने गातोय असं उगाच वाटतं. वरचा सा घ्यायला जावं तर चिरकतो. बाईंनी माझं गाणं काळी पाचवरून काळी चारला, म्हणजे पेटीच्या खालच्या पट्टीला, उतरवलं. मग एकेक ओळ घेऊन खुणा केल्या. लाल उभी रेघ म्हणजे श्वास, खाली गोल म्हणजे अढी पक्की, मान सरळ, इथे आलाप चालेल. निद्रासनात नुसते शब्द, तुटक तुटक. पद्मासनात डोकं वर असेल तर हवा तेवढा सूर. दोरीवर काय करायचं ते सर ठरवत आणि बाई त्याच क्रमाला गाणं बसवत. दोघांची भांडणंही व्हायची, पण त्यात मी पडत नाही.

त्याच वर्षी, 18 जानेवारी 1982 ला, गिरण्यांचा संप सुरू झाला. लालबाग-परळच्या ज्यांच्या घरी गिरणीचा पगार यायचा त्यांना पुढचं सांगायला नको. बाबा गिरणीत साचेखात्यात, म्हणजे मागांवर होते. दिवसभर घरी बसवेना म्हणून मैदानात येऊन कडेला बसायचे. एकदा माझी दोरी दोन बोटांत चोळून म्हणाले, ‘सूत चांगलं आहे.’ माझ्या खेळाबद्दल ते एवढंच बोलले, पण रोज यायला लागले.

आईचं मात्र निराळं. ‘पोरगी काय डोंबाऱ्याचा खेळ करणार? वर गाणार पण?’ बाई आमच्या खोलीवर आल्या, चहा घेतला आणि आईला विष्णुपंत छत्र्यांची गोष्ट सांगितली. 1880 साली याच मुंबईत ग्रेट इंडियन सर्कस उभी करणारा माणूस. तो मुळात गाण्याच्या नादाने ग्वाल्हेरला गेला, तिथले मोठे गवई हद्दूखाँसाहेब यांच्याकडे गाणं शिकला, घोडे फिरवायलाही तिकडेच शिकला आणि पुढे खाँसाहेबांचे चिरंजीव, गवई रहिमतखाँ यांना त्यानेच सांभाळलं. ‘गवई आणि कसरत एका तंबूत राहिलेली आहेत, वहिनी,’ असं बाई म्हणाल्या. आईला रहिमतखाँ कोण ते माहीत नव्हतं. पण शाळेतल्या बाई आपल्याला वहिनी म्हणाल्या, एवढ्यावर ती विरघळली. (डोंबाऱ्याच्या खेळाला नाक मुरडणारी मीही होते. पुढे कार्यक्रमांच्या निमित्ताने त्या घरातल्या बायका भेटल्या. ढोलकीवर गात तारेवरून चालतात, पायाखाली गादी नाही. तेव्हा लाज वाटली.)

आता तो प्रसंग. आठवीतलं स्नेहसंमेलन, परळचा दामोदर हॉल, डिसेंबर 1983. मला सरांनी दहादा बजावलेलं, केसांचा घट्ट अंबाडा. पण संमेलन म्हटल्यावर लाल रिबिनी दिसायला नकोत? मी दोन वेण्या घातल्या आणि विंगेत बसून राहिले, म्हणजे सर बघायला येऊ नयेत. गवळण सुरू झाली. पहिलं कडवं छान गेलं. दुसऱ्यात निद्रासनात आडवी झाले, दोरीचा पीळ सुटून परत बसला आणि डावी वेणी त्यात अडकली. मान हलेना. उतरायचं तर केस उपटणार, राहायचं तर हात भरून येणार. शब्द तर गेलेच. खाली सगळी शाळा, पुढच्या रांगेत पाहुणे.

पेटी थांबली नाही. बाईंनी तीच ओळ पुन्हा घेतली, स्वतः गाऊन. मग परत. मग तीच ओळ वेगळ्या जागेवरून, जणू हे असंच बसवलंय. तबल्यावर दहावीतला मुलगा होता, तो बावरला. बाईंनी डाव्या हाताने भाता मारत उजव्या हाताने त्याला ठेका दाखवला आणि लगेच पट्ट्यांवर परत. मी एका हाताने रिबीन सोडवली. किती वेळ गेला ठाऊक नाही, बाई म्हणायच्या अकरा आवर्तनं. वेणी सुटली, मी अढीत आले आणि सरळ वरचा सा लावला, कारण वहीत त्याच्याखाली गोल होता. टाळ्या पडल्या. पाहुण्यांनी भाषणात त्या ‘विस्ताराचं’ खास कौतुक केलं.

विंगेत बाई एवढंच म्हणाल्या, ‘रिबीन वर राहिली आहे, काढून आण.’

पुढचं थोडक्यात. आवाज टिकला, खांदा एकदा निखळला. एका आयोजकाने गाणं आधीच रेकॉर्ड करून लावायला आणि मला नुसते ओठ हलवायला सांगितलं, तो कार्यक्रम सोडला. पैसे बुडाले. नाट्यगृहाच्या छतावर विश्वास ठेवायचा नाही हे लवकर कळलं, तेव्हापासून माझी लोखंडी पाइपांची चौकट टेम्पोतून बरोबर असते. 2020 च्या मार्चमध्ये सगळं ठप्प झालं, तेव्हा चौकटीवर सोसायटीने गोधड्या वाळत घातल्या. फेब्रुवारी 2019 मध्ये शिवाजी पार्कला मल्लखांबाची पहिली जागतिक स्पर्धा झाली. मी दोन्ही दिवस जाऊन बसले. परदेशी मुली दोरीवर इतक्या सफाईने खेळत होत्या! पण सगळ्यांची तोंडं बंद. पीटीच्या सरांची फार आठवण झाली.

दामोदर हॉल 2023 च्या अखेरीस पुनर्बांधणीसाठी बंद झाला. आपल्या शाळेत परवा गेले तर टाकीमागे दुचाक्या लावलेल्या. दोरीची कडी जिथे होती तिथे आता पत्र्याची शेड आहे. गाण्याचा वर्ग कॉम्प्युटरचा झालाय, खिडकीत एसी बसवलाय. मुलांना कॉम्प्युटर हवाच, मी नाही म्हणत नाही. पण ती खिडकी.

बाई माझा धंद्यातला कार्यक्रम एकदाच बघायला आल्या, 1991 च्या गणपतीत, लालबागच्याच एका गल्लीत. पाऊस होता, मागे छत्री धरून उभ्या होत्या म्हणे. मी कपडे बदलून येईपर्यंत निघून गेल्या. आठवड्याने पोस्टकार्ड आलं : ‘दुसऱ्या कडव्यात श्वास चोरतेस. ऐकू येतो.’ मी उत्तर लिहायचं ठरवलं आणि दौऱ्यावर गेले. मग दुसरा दौरा. बाई गेल्याचं मला सांगलीत, तंबूच्या मागे, चार दिवसांनी कळलं. त्या रात्री दोन खेळ होते, दोन्ही केले.

आता पंचावन्न उलटली. उलटी लटकत नाही, चौकटीखाली बसून पेटी वाजवते. शनिवारी सकाळी चौदा मुली येतात, वर त्या गातात.

समितीने प्रदर्शनासाठी जुन्या वस्तू मागितल्या आहेत. लाल रिबीन देते, संमेलनाचा फोटोही देते, त्यात मी अर्धीच आलेय. वही मात्र देता येणार नाही. शनिवारी वर्गाला लागते.