रिंगणातली माती आणि माझ्या कथेतले चिन्ह

मी एका काल्पनिक जगाच्या कथा लिहिते. त्या जगात डोंगरापलीकडच्या सरोवराकडे दरवर्षी पायी यात्रा निघते आणि यात्रेकरूंच्या कपाळावर एक मंतरलेले चिन्ह असते : खालून उघडे राहिलेले वर्तुळ आणि त्याच्या आत एक उभी रेघ. आकृती ठरलेली होती, परंतु ती कोणी काढायची, कशाने काढायची आणि पुसली गेल्यास काय, हे काही केल्या ठरत नव्हते. विधीचे नियम घरात बसून रचले की त्यांना कायद्याच्या कलमांची कळा येते, म्हणून आषाढी वारीला आळंदीहून ज्ञानेश्वर माउलींच्या पालखीबरोबर एका दिंडीतून चालायला गेले.

आमच्या दिंडीत पहाटेच्या अंघोळी उरकल्या की एक मावशी सहाणेवर गोपीचंदन उगाळायला बसत. पिवळसर मातीची ती वडी थेंबभर पाण्यात गोल फिरवत राहायची आणि गंध दाट झाले की समोर येईल त्याच्या कपाळावर बोटाने उभी रेघ ओढून वर बुक्का लावायचा, एवढाच तो विधी. लावणारा आणि लावून घेणारा दोघेही लगेच वाकून एकमेकांच्या पाया पडत. त्यात वयाचा किंवा मानाचा हिशेब नसे. दिवे घाट चढून सासवडला पोचेपर्यंत घामाने आणि पावसाच्या सरींनी बहुतेकांची कपाळे कोरी होत, आणि त्याची कोणाला फिकीर नसे, कारण पहाटे सहाण पुन्हा निघणारच असे. माझ्या यात्रेतले चिन्ह रोज पुसले जाईल आणि ते स्वतःच्या हाताने स्वतःला काढता येणार नाही, हे दोन नियम मी त्याच मुक्कामी वहीत टिपले.

वाटेत धातूचे ठसे आणि गंधाची वाटी घेऊन फिरणारी मुलेही भेटतात. चार पैसे दिले की क्षणात कपाळावर सुबक गंध उमटते. मला मावशींची जराशी तिरकी रेघ अधिक आवडली, तरी ती मुले हवीत असेच मला वाटते. जिथे चिन्ह आहे तिथे त्याचा ठसा विकणारा असायचाच, आणि जादूच्या कथांमध्ये नेमका तोच क्वचित भेटतो. तुळशीच्या माळेची गोष्ट निराळी. ती घालताना नेमाने वारी करण्याचा, एकादशी पाळण्याचा आणि मांसाहार वर्ज्य करण्याचा शब्द द्यावा लागतो. ती दिवसाकाठी उतरत नाही.

चिन्हाचे खरे सामर्थ्य मला दिसले ते रिंगणात. या पालखीचे पहिले उभे, म्हणजे सरळ रेषेतले, रिंगण तरडगावाजवळ चांदोबाच्या लिंबापाशी होते आणि पहिले गोल रिंगण पुढे माळशिरस तालुक्यात पुरंदावडे येथे. मैदानाच्या मध्यभागी पालखी, तिच्याभोवती दिंड्या, बाहेर प्रेक्षकांची दाटी आणि या दोहोंच्या मध्ये धावण्यासाठी मोकळी सोडलेली गोल वाट. झेंडेकरी खांद्यावर पताका घेऊन धावतात, डोक्यावर वृंदावने घेतलेल्या बाया धावतात, विणेकरी छातीशी वीणा धरून धावतात आणि मग अश्व सुटतात. एकावर स्वार असतो. दुसऱ्याची पाठ मोकळी असते, कारण त्यावर स्वतः माउली बसलेले आहेत अशी श्रद्धा आहे. टाळांचा गजर टिपेला पोचलेला असताना तो मोकळ्या पाठीचा घोडा अगदी जवळून गेला, पायाखालची जमीन हादरली, ओल्या मातीची ढेकळे उडाली. फेऱ्या संपताच माणसे त्या वाटेवर तुटून पडली आणि टापांखालची माती चिमटीत घेऊन कपाळाला लावू लागली. माझ्या शेजारच्या आजोबांनी थोडी माती पंचाच्या टोकाला बांधून घेतली. म्हणजे मैदानावर धावून रेखलेले एवढे मोठे वर्तुळ शेवटी कपाळाकपाळावर वाटले जाते. माझ्या कथेतल्या चिन्हासाठी रंग कुठून येणार, हा प्रश्न तिथे मिटला : यात्रेकरू आधी ती आकृती जमिनीवर स्वतःच्या पायांनी धावून काढतील आणि तिच्यातलीच माती कपाळाला लागेल.

मुक्कामाच्या तळावरची समाजआरती याइतकीच शिकवणारी आहे. पालखीभोवती दिंड्या उभ्या राहतात, चोपदार हातातला चोप, म्हणजे दंड, उंच करतात आणि एवढा मोठा गजर एकदम थांबतो. मात्र ज्या दिंडीची काही तक्रार असेल, ती टाळ वाजवणे थांबवत नाही. त्या आवाजाच्या रोखाने चोपदार जातात, गाऱ्हाणे ऐकून घेतात, मगच तिथले टाळ थांबतात. त्यानंतर हरवल्या-सापडल्याच्या वस्तू पुकारल्या जातात आणि आरती होते. लाखोंच्या समुदायात तक्रारीलाही विधीत जागा राखून ठेवणारी ही योजना कोणत्याही मंत्रापेक्षा मला अद्भुत वाटली.

ती मी जवळजवळ तशीच उचलली आहे. माझ्या यात्रेत सूर्यास्ताला सगळे सरोवराच्या ओढ्यावर चिन्ह धुतील. ज्याचे काही गाऱ्हाणे असेल तो धुणार नाही, आणि दंडधारी अंधारात ती उजळत राहिलेली कपाळे शोधत फिरेल. पहिली तक्रार बहुधा ठसे विकणाऱ्या पोराची असेल, कारण त्याच्या कपाळाला स्वतःखेरीज कोणीच माती लावलेली नसेल आणि नियमानुसार तसे चिन्ह उजळतच नाही. दंडधाऱ्याला तो दिसणार कसा, हे अजून लिहायचे आहे.