साद चढताना

इंदुरात मराठी नाटकांना उजेड देण्यात माझी तीसेक वर्षं गेली. पण गेल्या हिवाळ्यातल्या बालनाट्याचा तो एक क्यू, म्हणजे ठरल्या क्षणी करायचा उजेडाचा बदल, अजून हातात जाणवतो.

नाटक एका कल्पित राज्यातलं. तिथे हरवलेल्या माणसाला डोंगरावर उभं राहून नावानं हाक मारली की आकाशात उजेड येतो. त्याला म्हणतात ‘साद’. माणूस जिवंत असेल तर साद हिरवी, नसेल तर लाल. एका माणसासाठी एकदाच. म्हणून बहुतेक लोक हाकच मारत नाहीत. नाटकातली आजी सहा वर्षं गप्प बसली आहे. शेवटी दहा वर्षांची नात डोंगर चढते आणि आपल्या दादाला हाक मारते.

आमच्या दिग्दर्शिका ताई म्हणाल्या, “दादा, जादूच आहे ना, कोणतेही रंग फिरवा.” मला ते पटेना. जादू असली तरी तिला तिचा कायदा हवा, नाहीतर पोरं ती टाळ्या वाजवून विसरतात.

कायदा मला खऱ्या आकाशात सापडला. मे 2024 मध्ये सूर्यावरून मोठं वादळ आलं, तेव्हा लडाखमधल्या हानले वेधशाळेवरून रात्री आकाश लाल झालेलं दिसलं होतं. सूर्याकडून आलेल्या कणांनी आकाशात उमटणारा हा उजेड म्हणजे ध्रुवीय प्रकाश. ते फोटो पाहून मी त्याबद्दल वाचायला घेतलं. त्यातला हिरवा आणि लाल, दोन्ही बहुतांशी ऑक्सिजनचेच. हिरवा साधारण शंभर-दीडशे किलोमीटरवर, लाल दोनशेच्या वर. हिरव्यासाठी चेतलेला अणू पाऊण सेकंदात उजेड सोडून मोकळा होतो. लालसाठी त्याच अणूला जवळजवळ 110 सेकंद लागतात. खाली हवा दाट, तेवढ्या वेळात दुसरं कुणी येऊन धडकतं आणि उजेड पडायच्या आधीच सगळं विरतं. वर, जिथे धक्का द्यायला फारसं कुणी नाही, तिथेच लाल उमटू शकतो.

हे वाचून मी बराच वेळ पुस्तक मिटून बसलो. नाटकातली साद अशीच असणार होती. हिरवी खाली, डोंगराच्या कडेला, लवलवणारी. लाल उंच, आणि सावकाश.

ताईंनी सगळं ऐकून घेतलं. म्हणाल्या, “चाळीस सेकंद देते. त्यापुढे प्रेक्षक खोकायला लागतात.” लाल सायकच्या, म्हणजे रंगमंचामागच्या आकाशाच्या पडद्याच्या, वरच्या काठाला लागला की मुलीनं वाक्य म्हणायचं, असं ठरलं.

पहिल्या अंकात धनगर आपल्या भावाला हाक मारतो, ती हिरवी साद झकास आली. जिलेटीन, म्हणजे दिव्यापुढचा रंगीत कागद, मुद्दाम पिवळसर झाक असलेलं घेतलं होतं. पोरं बाकांवरून उठून उभी राहिली.

मध्यंतरात डिमर, म्हणजे दिव्यांचा उजेड कमी-जास्त करणारं यंत्र, बंद पडला. सभागृहाची एक फेज गेली होती, आणि परत आली तेव्हा आमचा डिमरचा रॅक मुका. फ्यूज बदलले, काही नाही. तिसरी घंटा झालेली. विंगेत एक साधा सॉकेट तेवढा चालू होता.

माझ्या हाताखालचा पोरगा रडवेला झाला. मी त्याला म्हटलं, “चहावाल्याकडून परात आण, मोठी.” मेकअपच्या खोलीत एक फुटका आरसा होता, त्याचे तुकडे परातीच्या तळाला टाकले, वर चार बोटं पाणी. सायकच्या मागे परात जमिनीवर, आणि हजार वॅटचा हॅलोजन दिवा लांब स्टँडवर, पाण्यापासून दूर, थेट लाइनवर. पुढे लाल जिलेटीन. डिमर नाही म्हणजे उजेड हळू वाढवायचा कसा? पुठ्ठा. दिव्यासमोर आडवा पुठ्ठा धरला आणि तो केसाकेसानं खाली सरकवायचा.

मुलीनं हाक मारली. मी पुठ्ठा हलवायला सुरुवात केली. पोरगा परातीला एका बोटानं टेकून होता, पाणी जेमतेम हलत होतं. सायकवर आधी काहीच नव्हतं, मग वरच्या बाजूला थोडं मळकट काहीतरी, मग लाल. तापलेल्या दिव्याजवळ बोटं भाजत होती. मी मनात आकडे मोजत होतो. चाळीस झाले तेव्हा लाल अर्ध्यावरही नव्हता. घाई केली असती तर पुठ्ठ्याला झटका बसून तो एकदम फुटला असता.

डिमर गेल्याचं त्या पोरीला कुणी सांगितलेलं नव्हतं. तिला एवढंच माहीत होतं की साद वर पोचली की बोलायचं. ती थांबली. पाठमोरी, मान वर करून. साठ. ऐंशी. सभागृहात कुणी खोकलं नाही. विंगेतून मला ताई दिसत होत्या, त्यांनी तोंडावर हात धरला होता.

शंभराच्या पुढे कुठेतरी लाल काठाला लागला. मुलगी म्हणाली, “आजी, आता जेवायला चल.” एवढंच वाक्य होतं तिचं.

पडदा पडल्यावर नाटकातली सगळी पोरं सायकच्या मागे धावत आली. ती मुलगी परातीपाशी उकिडवी बसली आणि मला म्हणाली, “काका, हे आकाश होतं?” मी हो म्हटलं. तिनं करंगळी पाण्यात बुडवली. समोर सायकवर अख्खा लाल उजेड हलला. ती पुन्हा बुडवत राहिली, आणि बाहेर लोक निघून गेले तरी मी दिवा बंद केला नाही.