तुम्ही विचारलंत म्हणून: चिमटा घरी का बदलला?

डोणज्याला चहाच्या टपरीवर, सोसायटीच्या जिन्यात, परवा तर भावाच्या सासूबाईंनीसुद्धा तेच विचारलं. "सायकलचा चिमटा म्हणे तू घरीच बदललास? दुकानात का नाही दिलीस?" दर वेळी मी "जमतं हो" एवढंच म्हणून सुटका करून घेते, कारण खरं उत्तर उभ्या उभ्या सांगण्यासारखं नाही. तुम्ही विचारलंत म्हणून आज बसून लिहिते. चिमटा म्हणजे पुढचं चाक दोन्ही बाजूंनी धरणारा भाग, त्याची दांडी फ्रेममधून वर हँडलपर्यंत जाते.

दोन वर्षांपूर्वी पावसाळा संपता संपता माझ्या सायकलचं हँडल अडायला लागलं. सरळ जाताना ते एका खाचेत बसल्यासारखं व्हायचं, जरा वळवलं की पुन्हा मोकळं. खालच्या बेअरिंगच्या छऱ्यांनी रेसमध्ये, म्हणजे ते ज्या कडीवर फिरतात तिच्यात, खळगे पाडले की असं होतं. आपण बहुतेक वेळ सरळच जात असतो. छर्रे त्याच त्या जागी थरथरत राहतात, तिथलं ग्रीस बाजूला सरकतं आणि धातू धातूवर घासतो. त्यात पुढचं चाक रस्त्यावरचं पाणी आणि चिखल नेमका खालचं बेअरिंग ज्या कपात बसतं त्यावर उडवतं. म्हणून वरचं बेअरिंग वर्षानुवर्षं टिकतं आणि खालचं आधी जातं. मी सायकल दुकानात दिली, बेअरिंगचा नवा सेट बसवून मिळाला. महिन्याभरात पुढचा ब्रेक दाबला की टक्, टक्.

शेवटी घरी उघडून बघितलं. चिमट्याच्या खांद्यावर ठोकून बसवायची पोलादी कडी असते, तिला क्राउन रेस म्हणतात. ती एका बाजूला टेकलीच नव्हती. त्या फटीत लग्नपत्रिकेचा कोपरा आरामात जात होता. माझा त्या कारागिरावर राग नाही. त्याच्यापुढे दहा सायकली रांगेत होत्या. ती कडी पूर्ण बसली की नाही हे बघायला चिमटा उजेडाकडे धरून सावकाश गोल फिरवावा लागतो, आणि तेवढी उसंत त्याच्याकडे नव्हती. माझ्याकडे रविवार होता.

खरं कारण एवढंच आहे. चेन, गिअर, मागचं चाक कुणीही बघावं. पण कात्रजचा घाट उतरताना ब्रेक दाबला की अंगाचा सगळा भार ज्या जागी येतो, ती जागा आतून कशी बसली आहे हे मला माझ्या बोटांनी माहीत हवं.

बोटांना ही सवय बाबांनी लावली. बाबा खडकीच्या कारखान्यात होते. सदाशिव पेठेतून रोज सायकलने जायचे-यायचे, आणि त्यांच्या काळात अर्धं पुणं तसंच जायचं-यायचं. दर दिवाळीच्या आधी ते आपली चोवीस इंची काळी सायकल उघडायचे. खाली आईची जुनी पितळी परात ठेवायची, मग वरचा नट सैल करायचा. चिमटा हळूच खाली ओढला की छर्रे टपटप परातीत पडायचे. तो आवाज अजून कानात आहे. रॉकेलमध्ये धुऊन, फडक्यावर घेऊन मी ते मोजायचे. बसवताना बाबांचा नियम होता: कपात ग्रीस भरायचं, छऱ्यांनी गोल पूर्ण भरायचा आणि मग एक छर्रा काढून घ्यायचा. "त्यांना फिरायला जागा नको का?" असं म्हणत तो एक छर्रा ते माझ्या तळहातावर ठेवायचे.

बाबांच्या सायकलचा चिमटा आटेवाला होता. चिमट्याच्या दांडीच्या टोकाला आटे, त्यावर कप फिरवून बसवायचा आणि वरून लॉकनट. कर्वेनगरला विक्रम पेंडसे यांच्या सायकल संग्रहालयात जुन्या सायकली आहेत. गेलात तर एकदा नुसती त्यांची डोकी, म्हणजे हँडलखालचा हा सांधा, बघत फिरा, पिढ्यान्‌पिढ्या हीच रचना चालत आलेली दिसेल. 1990 च्या सुमारास दिया-कोंपे कंपनीने बिनआट्यांच्या दांडीचा अहेडसेट आणला आणि बऱ्याच नव्या सायकलींवरचे आटे गेले. त्यात दांडी गुळगुळीत असते, स्टेम, म्हणजे हँडल धरणारा तुकडा, तिला बाहेरून पकडतो. माझी सायकल या नव्या पद्धतीची. घरी काम करणाऱ्याला ही पद्धत सोपी आहे, मोठे पाने लागत नाहीत, दोन-तीन एलन की पुरतात.

यंदा चिमटाच बदलायची वेळ आली. सायकलबरोबर आलेला शॉकअपवाला चिमटा आतून गंजून जाम झाला होता. दबत तर नव्हताच, वर वजनाला 2 किलो 400 ग्रॅम. ठरवलं, साधा पोलादी चिमटा घालायचा. आता इथे घाई केली तर पुढचं सगळं वाया जातं. दांडीचा व्यास बघायचा. माझी 28.6 मिलिमीटर, म्हणजे एक इंच एक सूत. जुन्या हार्डवेअरवाल्यांना सूत म्हटलं की लगेच कळतं. फ्रेमच्या पुढच्या आखूड पाइपचं आतलं माप 34 मिलिमीटर, त्यावर कप ठरतात. ब्रेक रिमचे की डिस्कचे, तेही बघायचं, कारण ब्रेक अडकवायची जागा चिमट्यावरच असते. आणि एक माप लोक हमखास विसरतात: चाकाच्या आसापासून चिमट्याच्या खांद्यापर्यंतची उंची. नवा चिमटा 20 मिलिमीटरने बुटका असला तरी सायकलचं तोंड साधारण एका अंशाने खाली झुकतं आणि हँडल जास्त चपळ होतं. घाट उतरताना तो फरक चांगलाच जाणवतो. मी बुटका चिमटा परत केला आणि उंचीला जुळणारा मिळेपर्यंत तीन आठवडे थांबले.

कप काढणं सोपं. आतून लांब दांडा घालून कडेवर आलटून पालटून ठोकायचं, एकदा इकडे, एकदा तिकडे. बसवताना मात्र हातोडी हातात घ्यायची नाही. हातोडीने कप तिरका शिरतो, आणि तिरका शिरलेला कप फ्रेमचा पाइप आतून खरवडतो. मी बोहरी आळीतून 12 मिलिमीटरचा आट्यांचा रॉड, दोन नट आणि जाड मोठे वायसर आणले. रॉड पाइपमधून आरपार घालायचा, दोन्ही टोकांना वायसर, मध्ये कप, आणि नट आवळत जायचं. दुकानातलं महागडं प्रेस हेच काम करतं.

माझा तेरा वर्षांचा भाचा समोर पाट घेऊन बसला होता. नजर कपाच्या पातळीवर ठेवून. दोन आटे आवळले असतील, तेवढ्यात म्हणाला, "मावशी, थांब. तुझ्या बाजूला जास्त गेलाय." मला वरून काहीच दिसत नव्हतं. खाली वाकले. खरंच, माझ्या बाजूची कड पाइपला भिडली होती आणि त्याच्या बाजूला नखाएवढी चंदेरी रेघ उरली होती. नट सोडला, कप अंगठ्यांनी सरळ केला, कडेला ग्रीस लावलं, पुन्हा सुरुवात. या वेळी पाना एकसारख्या जोराने फिरत गेला आणि शेवटी एकदम घट्ट झाला. तो घट्टपणा हाताला कळतो. त्यापुढे पाव फेरासुद्धा फिरवायचा नाही. कपाभोवती एकसारखी, फट नसलेली रेघ बघून भाच्याने बोट फिरवलं आणि म्हणाला, "आता बसला."

क्राउन रेस हातोडीनेच बसते, पण थेट नाही. नव्या रेसवर जुनी रेस उलटी ठेवायची आणि तिच्यावर लोखंडी पाइप धरून ठोकायचं. म्हणजे मार आतल्या कडेवर बसतो आणि छर्रे जिथे फिरणार ती चकचकीत बाजू शाबूत राहते. सुरुवातीला आवाज पोकळ येतो. रेस खांद्याला पुरती टेकली की आवाज बदलतो, भरीव होतो. त्यानंतर मी चिमटा गॅलरीत नेला, उजेडाकडे धरला आणि फिरवला. कुठूनही उजेड येत नव्हता.

दांडी कापायची वेळ आली तेव्हा मला आई आठवली. आई शिवणकाम करायची. शिवताना चुकलं तर उसवता येतं, पण कापताना चुकलं तर नाही, म्हणून ती बेतायला दुप्पट वेळ घ्यायची. या कामातही कापणं तेवढं परत न फिरणारं आहे. सगळे भाग कोरडे चढवले: बेअरिंग, एका जागी मुद्दाम चीर दिलेली कडी, झाकण, स्पेसर (उंची भरायच्या कड्या), स्टेम. स्टेमवर आणखी एक 10 मिलिमीटरचा स्पेसर ठेवला, पुढे कधी हँडल उंच करावंसं वाटलं तर असावा म्हणून. त्याच्या वरच्या कडेशी खूण केली आणि खुणेच्या 3 मिलिमीटर खाली कापलं. बारीक दातांचं पातं लावलं. करवत वाकडी जाऊ नये म्हणून जुना स्टेम दांडीवर आवळून त्याच्या कडेने चालवली. मग कानशीने कड गोल केली.

हे 3 मिलिमीटर का, ते सांगते, कारण माझ्या एका मैत्रिणीचं सगळं काम इथेच अडलं होतं. स्टेमच्या वरच्या टोपीचा स्क्रू चिमटा धरून ठेवत नाही. दांडीच्या आत जी ताऱ्याच्या आकाराची नट ठोकलेली असते तिला तो वर ओढतो, आणि टोपी स्टेमला खाली दाबते. एवढ्यानेच बेअरिंगमधली ढिलाई जाते. दांडी स्टेमच्या बरोबरीने असेल तर टोपी दांडीवरच टेकते, स्टेम दबतच नाही. मैत्रीण स्क्रू आवळत राहिली, हँडल खडखडत राहिलं. आम्ही एक पातळ स्पेसर वाढवला आणि खडखड थांबली. चिमटा धरून ठेवतात ते स्टेमचे बाजूचे दोन बोल्ट. म्हणून टोपी आवळताना ते सैल हवेत. आधी टोपी, मग हँडल चाकाला सरळ करायचं, आणि शेवटी ते दोन बोल्ट थोडे थोडे, आलटून पालटून. माझ्या स्टेमवर 5 न्यूटन-मीटर लिहिलंय, मी तेवढंच आवळते.

बेअरिंग पिंजऱ्यातलं असेल तर ते कुठल्या तोंडाने बसतं तेही बघा. नवीन माणूस बहुतेक इथेच चुकतो. नुसतं कपात ठेवून, वर रेस टेकवून बोटाने फिरवायचं. उलटं असेल तर पिंजऱ्याचा पत्रा घासल्याचा खरखरीत आवाज येतो. सुलटं असेल तर छर्रे मुकाट्याने फिरतात.

घरी करू नये अशी कामंही आहेत, ती मी करत नाही. फ्रेमचा पाइप आतून वाकडा किंवा सैल झाला असेल तर त्याला यंत्र लागतं. कार्बनच्या दांडीत ती ताऱ्याची नट कधीच ठोकायची नाही, तिच्यासाठी आतून फुगणारी वेगळी पकड मिळते. आणि वाकलेला ॲल्युमिनियमचा चिमटा कुणी "सरळ करून देतो" म्हणालं तर कृपा करून देऊ नका. तो सरळ दिसेल आणि एक दिवस न सांगता तुटेल. तो भंगारातच घालायचा.

मला दोन रविवार लागले. पहिला सगळा कपांवर आणि मापांवर गेला, दुसऱ्या रविवारी बाकीचं दुपारच्या जेवणाआधी झालं. संध्याकाळी गॅलरीत पुढचं चाक उचलून सायकल जरा तिरकी केली आणि हँडल आपणहून हळूच एका बाजूला वळलं. कुठे अडलं नाही. मग पुढचा ब्रेक दाबून, एक बोट खालच्या कपाच्या सांध्यावर ठेवून सायकल मागे-पुढे हलवली. ब्रेकचीच ढिलाई असेल तर ती बेअरिंगची वाटू नये म्हणून चाक काटकोनात वळवून पुन्हा हलवली. बोटाखाली काहीच हललं नाही.

दुसऱ्या दिवशी पहाटे खडकवासल्यापर्यंत गेले. नवे भाग पहिल्या फेरीत जरा बसतात, म्हणून धरणाच्या भिंतीपाशी थांबून पुन्हा बोट लावलं. अगदी किंचित टक् लागली. खिशातली एलन की काढली, दोन बोल्ट सैल केले, टोपी जेमतेम एक अष्टमांश फेरा आवळली, बोल्ट पुन्हा घट्ट केले. येताना नांदेड फाट्याच्या खड्ड्यांतून मुद्दाम आले. कुठलाही आवाज नव्हता.

भाच्याला आता बाबांची काळी सायकल उघडायची आहे. परात मी माळ्यावरून काढून ठेवली आहे.