डोंगर राहू दे

शाळेच्या स्मरणिकेसाठी शिस्त, संस्कार असं काही लिहा, असं संपादकांनी सुचवलं होतं. ते इतरांनी लिहिलंच असेल. मी निबंधाच्या वहीबद्दल लिहितो.

नववीच्या सहामाहीनंतर महिनाभर मी शाळेत आलो नाही. बाबा गेले होते. परतलो तेव्हा माझ्यासमोर मित्रांनी स्वतःच्या वडिलांबद्दल कुरकुरणंसुद्धा बंद केलं होतं. एका सरांनी पाठीवर हात ठेवून सांगितलं, "आता तू घरातला कर्ता. रडायचं नाही." ते चांगल्या मनानंच बोलले असतील. मी मात्र त्यांचं ऐकलं, हीच पंचाईत झाली.

मराठीच्या बाई असलं काही बोलल्या नाहीत. त्या आठवड्यात निबंध होता 'माझ्या आयुष्यातील अविस्मरणीय प्रसंग'. विषय आधीच ठरलेला होता की मुद्दाम दिला, हे विचारायचं धाडस मला कधीच झालं नाही. मी लिहिलं, 'आमच्यावर दुःखाचा डोंगर कोसळला. माझे पितृछत्र हरपले. काळाने घाला घातला.' तीन वाक्यांत मी मोकळा! उरलेलं पान सुविचारांनी भरलं.

वही परत आली तेव्हा तिन्ही वाक्यांखाली पेन्सिलीची बारीक रेघ होती. एरवी बाई लाल पेन सोडत नसत. समासात लिहिलं होतं, 'डोंगर राहू दे. त्या दिवशी घरात काय काय होतं?'

मला रागच आला. दोन दिवस वही उघडली नाही. तिसऱ्या दिवशी लिहिलं, 'खिडकीच्या कट्ट्यावर बाबांचा चष्मा होता. उजवी काडी मोडलेली, तिला निळा दोरा गुंडाळलेला. निळाच, कारण तेव्हा घरात तोच सापडला. दोऱ्याचं दुसरं टोक मी धरलं होतं. मी जोरात ओढलं तर बाबा म्हणाले, अरे, चष्मा बांधतोय, बैल नाही.'

ते लिहिताना मी पहिल्यांदा रडलो. शाई पसरली वगैरे काही नाही, बॉलपेन होतं.

बाईंनी खाली एवढंच लिहिलं, 'मग?'

वर्षअखेरपर्यंत असे अकरा 'मग?' जमले. बाबांच्या सवयी मी वर्तमानकाळात लिहायचो, 'बाबा उशिरा जेवतात', 'बाबांना गर्दी आवडत नाही'. वेलांटीची एकही चूक न सोडणाऱ्या बाईंनी माझा काळ कधी दुरुस्त केला नाही. वार्षिक परीक्षेच्या सुमारास कधीतरी मीच 'जेवायचे' असं लिहिलं आणि बराच वेळ त्या शब्दाकडे बघत बसलो.

यावर संशोधन झालंय, हे खूप नंतर कळलं. १९८६ साली जेम्स पेनेबेकर आणि सँड्रा बील या अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी कॉलेजच्या मुलांना सलग चार दिवस, रोज १५ मिनिटं, आयुष्यातल्या क्लेशदायक अनुभवांवर लिहायला लावलं. लिहून झाल्या झाल्या मुलं आणखी उदास झाली. पण जे घडलं आणि जे वाटलं, असं दोन्ही लिहिणाऱ्यांच्या डॉक्टरकडच्या फेऱ्या पुढच्या सहा महिन्यांत कमी भरल्या. मात्र जोडीदार गमावलेल्यांवर नंतर झालेल्या एका अभ्यासात लिहिण्यानं दुःख लवकर ओसरल्याचं दिसलं नाही. मला त्याचं नवल वाटलं नाही. माझंही ओसरलं नव्हतं. फक्त ते दिवसभर सगळीकडे सांडायचं, ते संध्याकाळी वहीत जाऊन बसू लागलं.

वही मिटून बीजगणित सोडवायला घेतलं की अपराधी वाटायचं. बाबांना एवढ्यात विसरलो? मार्गारेट स्ट्रोब आणि हेंक शूट या शोकाच्या अभ्यासकांनी १९९९ साली मांडलं की शोकात माणूस हेलकावे खातो, कधी गेलेल्याकडे तर कधी रोजच्या कामाकडे, आणि त्याला दोन्हींची गरज असते. हे मला नववीत कुणी सांगायला हवं होतं. तशी बाईंनी गृहपाठातून सूट कधी दिली नाही, म्हणजे त्यांना ते ठाऊक असावं.

दोन वर्षांपूर्वी आई गेली. महिन्याभरानं लिहायला बसलो आणि पहिलं वाक्य उतरलं, 'आईच्या जाण्याने मोठी पोकळी निर्माण झाली.' पन्नाशी उलटली तरी हात तिकडेच जातो! त्याखाली पेन्सिलीनं रेघ मारली आणि नव्यानं सुरू केलं. 'तिच्या उशाखाली किल्ल्यांचा जुडगा होता. पाच किल्ल्या. त्यातल्या दोन कुठल्या, ते कुणालाच माहीत नाही.' परवा त्यातली एक लागली. बाबांच्या सायकलीच्या कुलुपाला. सायकल तिनं केव्हाच विकली होती, कुलूप तेवढं ठेवलं होतं.