पाण्यात बुडवली की खुंटणारी वॉटर लिली

वॉटर लिली म्हटलं की भरलेलं तळं आणि त्यावर तरंगणारी ताटाएवढी पानं डोळ्यांसमोर येतात. निम्फिया थर्मेरम यात कुठेच बसत नाही. ही वॉटर लिलींमधली सगळ्यात छोटी जात. पान अगदी एक सेंटिमीटर रुंदीचंही असू शकतं. (याच कुळातल्या व्हिक्टोरिया बोलिव्हियानाचं पान तीन मीटरच्या वर जातं.) आणि ती वाढते तळ्यात नाही, चिखलात.

तिचं घर म्हणजे नैऋत्य रवांडातलं मश्युझा. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ एबरहार्ड फिशर यांना ती तिथे १९८७ साली सापडली. 'गरम झऱ्यातली लिली' अशी तिची ओळख करून दिली जाते, पण ती अर्धवट आहे. झऱ्याच्या तोंडाशी पाणी साधारण ४० अंश सेल्सिअस असतं, तिथे ती नसते. झऱ्याचं जास्तीचं पाणी बाहेर पसरत निवत जातं, आणि जिथे ते २५ अंशांवर येतं तिथल्या ओल्या मातीत ती उगवते. म्हणजे गरम तोंडाकडे सरकायची सोय नाही आणि दुसऱ्या बाजूला कोरडी जमीन, अशी ही चिंचोळी पट्टी. झऱ्याचं पाणी दुसरीकडे वळवलं की आधी हीच पट्टी वाळते. तेच झालं. २००८ च्या सुमारास मश्युझातली मूळ जागा कोरडी पडली आणि लिली दिसेनाशी झाली.

फिशर यांनी काही रोपं आधीच जर्मनीतल्या बॉन वनस्पती उद्यानात पोचवली होती, म्हणून जात वाचली. पुढचा प्रश्न रोपं वाढवण्याचा होता, आणि इथे लंडनजवळच्या क्यू उद्यानातले कार्लोस माग्दालेना अडले. बाकीच्या लिलींसारखं पाण्याखाली ठेवलेलं बी रुजायचं, कोंब यायचा, पण रोपं तिथेच खुंटायची आणि मरायची.

कारण समजायला नेहमीच्या लिलीचं बालपण पाहावं लागतं. तिचं बी पाण्याखाली रुजतं, पहिली पातळ पानं पाण्यातच राहतात, मग पुढची पानं देठ लांबवत वर येऊन तरंगतात आणि हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊ लागतात. वायू पाण्यात हवेच्या तुलनेत सुमारे दहा हजार पटींनी हळू पसरतात, त्यामुळे पाण्याखालच्या पानाला कार्बनची चणचण असतेच. बाकीच्या जाती ती चणचण काढून वर येतात. थर्मेरमला मुळात वर यायची वेळच येत नाही, कारण मश्युझाच्या चिखलात तिची पानं पहिल्यापासून हवेत असतात.

माग्दालेनांनी मग पाणी खाली आणलं. पद्धत ऐकायला अगदीच साधी: पोयट्याच्या मातीच्या छोट्या कुंड्या, त्या पाण्याच्या भांड्यात अशा ठेवायच्या की पाण्याची पातळी कुंडीतल्या मातीच्या पृष्ठभागाशी बरोबर यावी, आणि पाणी २५ अंशांवर स्थिर ठेवायचं. माती पूर्ण भिजलेली, पण कोंब हवेत. आठ रोपं तरारली आणि नोव्हेंबर २००९ मध्ये पहिलं फूल आलं.

यात चुकायला जागा फार कमी. पाणी मातीच्या वर चढू दिलं की कोवळं रोप पुन्हा बुडतं आणि त्याच जुन्या अडचणीत सापडतं. पातळी उतरली तर वरचा थर आधी सुकतो, आणि इवल्याशा रोपाची मुळं नेमकी तिथेच असतात. बाष्पीभवनाने पातळी हलत राहते, म्हणून भांडं एकदा भरून विसरून चालत नाही. उथळ, कोमट, उजेडातल्या पाण्यात शेवाळही झपाट्याने वाढतं आणि एवढ्याशा पानांवर सहज पसरतं.

रोप मोठं झालं की मात्र ते फार नखरे करत नाही. मातीलगत पानांचा गोल झुबका, त्यातून काही सेंटिमीटर वर आलेलं पांढरं फूल, मध्ये पिवळे पुंकेसर. फूल स्वतःच्याच परागांनी फळतं, त्यामुळे एकटं रोपही बी देतं. बी ते बी हा फेरा काही महिन्यांत पुरा होतो. सपुष्प वनस्पतींच्या वंशवृक्षावर वॉटर लिलींची फांदी फार आधी वेगळी झाली, आणि त्या फांदीतली ही जात लहान, झटपट फुलणारी. म्हणूनच संशोधकांना ती प्रयोगशाळेसाठी फार सोयीची वाटते.

चोरांनाही ती सोयीची वाटली असावी. जानेवारी २०१४ मध्ये क्यूमधल्या काचघरातून एक रोप उपटून नेलं गेलं. एवढंसं झाड, खिशात मावणारं.

२०२३ साली मश्युझा परिसरातच तिची छोटीशी वस्ती पुन्हा सापडली. काचघरात शेकडो कुंड्या भरता येतील, पण मश्युझात तिला टिकवायचं तर झऱ्याचं वाहून जाणारं पाणी वाहू द्यावं लागेल. भोवती कुंपण घालून झऱ्याचं पाणी नळात घेतलं, तर कुंपणाच्या आत फक्त सुकलेला चिखल उरेल.