गालाच्या गाठीत आरएनए शोधताना

मुंबईत तोंडाच्या कर्करोगावर काम करायचं म्हटलं की तंबाखू, गुटखा, मिश्री आणि सुपारी आधी समोर येतात, आणि ते बरोबरच आहे. माझ्या पीएचडीचा प्रश्न त्याच्या शेजारचा होता. यांतल्या काही गाठींमागे ह्यूमन पॅपिलोमा व्हायरस, म्हणजे एचपीव्ही, आहे का? आणि असला तर तो नुसता पडून आहे की काही करतोय? टॉन्सिलच्या आसपासच्या कर्करोगात या विषाणूचा हात असतो हे आता पक्कं आहे. गालाच्या आतल्या बाजूच्या आणि हिरड्यांच्या कर्करोगाबद्दल मात्र वाचावं तितके वेगळे आकडे सापडतात. याचं मोठं कारण एकच, प्रत्येकाने वेगळ्या पद्धतीने शोध घेतलेला असतो.

पीसीआरने, म्हणजे डीएनएच्या असंख्य प्रती काढून तो ओळखणाऱ्या चाचणीने, विषाणूचा डीएनए सापडला, तरी तो लाळेतून आलेला असू शकतो, शेजारच्या नमुन्यातून आलेला असू शकतो. पी१६ या प्रथिनाचं स्टेनिंग, म्हणजे ते रंगवून दाखवणं, सोपं आणि स्वस्त आहे, पण तो आडून मिळालेला पुरावा आहे. विषाणूचं ई७ प्रथिन पेशीची वाढ आवरणाऱ्या आरबी प्रथिनाला निकामी करतं आणि त्याचा परिणाम म्हणून पी१६ वाढतं. गालाच्या गाठींत ते इतर कारणांनीही वाढू शकतं. विषाणू खरोखर पेशीला बिघडवतोय याची थेट खूण म्हणजे त्याच्या ई६ आणि ई७ जनुकांचा मेसेंजर आरएनए (जनुक चालू असताना त्याची निघणारी प्रत), आणि तोही गाठीच्याच पेशींत. टिश्यू दळून आरएनए काढला तर आकडा मिळतो, पण तो कर्कपेशीतला, आजूबाजूच्या लिम्फोसाइटमधला (रोगाशी लढणाऱ्या पांढऱ्या पेशींतला) की वरच्या चांगल्या अस्तरातला, हे कळायला मार्ग राहत नाही. म्हणून आम्ही इन सिटू हायब्रिडायझेशन निवडलं. यात काचेवर टिश्यूचा काप जसाच्या तसा ठेवून आरएनए आहे तिथेच दाखवता येतो.

या पद्धतीची सुरुवात १९६९ साली जोसेफ गॉल आणि मेरी लू पार्ड्यू यांनी झेनोपस बेडकाच्या अंडपेशींवर केली. किरणोत्सारी आरएनए हाच त्यांचा प्रोब, म्हणजे नेमक्या जुळणाऱ्या जागी चिकटणारा शोधक तुकडा, होता, आणि पेशीतल्या डीएनएवर तो कुठे चिकटला हे फोटोच्या इमल्शनवर उमटायची वाट बघावी लागे. आम्ही वापरलेली आरएनएस्कोप पद्धत २०१२ मध्ये प्रसिद्ध झाली. तिच्यातली युक्ती मला आजही फार सुंदर वाटते. प्रोबचे तुकडे जोडीने काम करतात. प्रत्येक तुकडा आरएनएच्या १८ ते २५ बेसच्या, म्हणजे साखळीतल्या तेवढ्या कड्यांच्या, पट्ट्यावर बसतो आणि त्याचं एक शेपूट वर मोकळं राहतं. दोन तुकडे शेजारीशेजारी बसले तरच दोन शेपटं मिळून पुढच्या रेणूला जागा होते. एखादा तुकडा एकटाच भलतीकडे चिकटला तर रंग येतच नाही. एका आरएनएवर साधारण २० जोड्या, प्रत्येक जोडीवर फांद्या, फांद्यांवर आणखी फांद्या, असं करत एका रेणूवर ८००० पर्यंत खुणा बसू शकतात. त्यामुळे साध्या मायक्रोस्कोपखाली, डीएबी नावाच्या तपकिरी रंगात, एक रेणू म्हणजे एक ठिपका दिसतो. शिवाय प्रत्येक जोडीला आरएनएचा छोटासाच तुकडा लागतो, त्यामुळे पॅराफिन ब्लॉकमधल्या, म्हणजे मेणात बसवून जपलेल्या टिश्यूतल्या, तुटक्या आरएनएवरही काम भागतं.

एथिक्स कमिटीची परवानगी, रुग्णालयाशी करार, प्रोबची ऑर्डर यांत बराच काळ गेला. ते सगळीकडे सारखंच असतं, त्यावर वेगळं लिहीत नाही.

खरं काम सुरू झालं मायक्रोटोमपाशी, म्हणजे ब्लॉकचे पातळ काप काढणाऱ्या यंत्रापाशी. आमच्या हिस्टॉलॉजी विभागातले काका अनेक वर्षं ब्लॉक कापतायत. मी पहिल्यांदा गेले तेव्हा त्यांनी माझ्या हातातला ब्लॉक घेऊन बर्फावर उलटा ठेवला आणि म्हणाले, "मॅडम, आधी त्याला गार होऊ द्या. घाई केली की रिबन फाटते." नवीन ब्लेड, स्वच्छ पुसलेलं वॉटर बाथ, त्यात ताजं पाणी, आणि ५ मायक्रॉन जाडीच्या कापांची रिबन, म्हणजे सलग पट्टी. गालाच्या टिश्यूत एकीकडे कडक केराटिन आणि दुसरीकडे चरबी, त्यामुळे काप दुमडतो. दुमडलेला भाग पुढे उकळताना काचेवरून सुटतो. काका ब्रशच्या टोकाने पाण्यावरचा काप असा काही सरळ करत की सुरकुती राहत नसे. त्या हाताशिवाय माझा एकही निकाल उभा राहिला नसता, हे मी थीसिसमध्येही लिहिलंय.

पुढचा दिवस लांबलचक. स्लाइड ६० अंशांवर तासभर भाजायच्या, झायलीनने मेण काढायचं, अल्कोहोल, हायड्रोजन पेरॉक्साइड, मग जवळपास उकळत्या बफरमध्ये १५ मिनिटं, म्हणजे टिश्यू टिकवणाऱ्या फॉर्मॅलिनने आवळलेली प्रथिनं सैल होतात. त्यानंतर प्रोटिएज हे प्रथिनं तोडणारं एन्झाइम, म्हणजे प्रोबला आत शिरायला वाट होते. प्रोब ४० अंशांवर २ तास, आणि मग एकामागून एक खुणा वाढवणारे टप्पे. प्रोब घातल्यापासून स्लाइड क्षणभरही सुकता कामा नये. सुकलेल्या कडेला रंग धरतो आणि तो आरएनएसारखा दिसून फसवतो.

प्रत्येक ब्लॉकचे आम्ही तीन काप रंगवत होतो. एकावर ई६/ई७. दुसऱ्यावर पीपीआयबी. हा माणसाच्या बहुतेक सगळ्या पेशींत असणारा आरएनए, तो दिसला तर ब्लॉक शाबूत आहे. तिसऱ्यावर डॅपबी. हा बॅसिलस सबटिलिस या मातीतल्या जिवाणूचा आरएनए, तो गालात असण्याचं कारणच नाही, म्हणून ती स्लाइड कोरी हवी. सोबत तुलनेसाठी प्रयोगशाळेत वाढवलेल्या कर्कपेशींचे ब्लॉक होते. कास्की पेशींत एचपीव्ही १६ च्या शेकडो प्रती असतात, सिहा पेशींत एक-दोनच. कास्कीत ठिपके गर्दी करून एकमेकांत मिसळतात, सिहात ते मोजता येतात. सिहाचे ठिपके सुटेसुटे दिसले की त्या दिवशीच्या स्लाइडवर विश्वास ठेवायचा, असा आमचा नियम होता.

अडलं ते पीपीआयबीवर. पेशींचे ब्लॉक छान येत होते, पण रुग्णांच्या ब्लॉकपैकी एक मोठा गट मुकाच होता. पीपीआयबी कोरा म्हणजे ई६/ई७ कोरा असण्याला काही अर्थच उरत नाही. बफरमध्ये जास्त वेळ ठेवून पाहिलं, प्रोटिएज वाढवून पाहिलं. टिश्यू विरायला लागली, ठिपका काही आला नाही. ब्लॉक जुने आहेत म्हणावं, तर त्याहून जुने ब्लॉक उत्तम बोलत होते.

लॅबमधल्या सीनियर ताईंनी एका दुपारी सगळ्या मुक्या ब्लॉकच्या एच अँड ई, म्हणजे नेहमीच्या निळ्या-गुलाबी रंगातल्या निदानाच्या, स्लाइड एका ट्रेमध्ये ओळीने लावल्या आणि एकेक बघत गेल्या. चौथ्या-पाचव्या स्लाइडवर म्हणाल्या, "अगं, इकडे ये. या प्रत्येकात कडेला हाड आहे. आणि न्यूक्लियस बघ किती फिके आहेत."

त्या वाक्याने सगळं उलगडलं. गालाची आणि हिरडीची गाठ पुष्कळदा जबड्याच्या हाडात शिरलेली असते, म्हणून सर्जन हाडासकट तुकडा काढतात. हाड तसंच कापता येत नाही, आधी त्यातलं कॅल्शियम काढावं लागतं. त्या रुग्णालयात ते नायट्रिक अॅसिडने काढत. अॅसिडने हाड लवकर मऊ होतं, पण आरएनएचे त्यात तुकडे तुकडे होतात. निदानाच्या दृष्टीने यात काही चूक नव्हती. पॅथॉलॉजिस्टला गाठीचा आकार आणि ती हाडात किती शिरली हे बघायचं असतं, तेवढं त्या स्लाइडवर नीट दिसतं. अॅसिडऐवजी ईडीटीए हे हळू काम करणारं रसायन वापरलं तर आरएनए बऱ्यापैकी टिकतो, पण त्याला कितीतरी जास्त दिवस लागतात आणि रुग्ण रिपोर्टसाठी ताटकळत असतो.

सुटका ग्रॉसिंगच्या, म्हणजे काढलेली गाठ चिरून तिचे तुकडे निवडण्याच्या, रजिस्टरमध्ये होती. एका रुग्णाच्या गाठीचे अनेक ब्लॉक केलेले असतात, आणि कोणता कुठून घेतला ते तिथे लिहिलेलं असतं. हाडाचा भाग तेवढा अॅसिडमध्ये जातो, गाठीचा मऊ भाग थेट फॉर्मॅलिनमधून पुढे. आम्ही रजिस्टरची पानं उलटत त्याच रुग्णांचे मऊ भागाचे ब्लॉक मागवले. काकांनी ते कापले, मी रंगवले, आणि पहिल्याच स्लाइडवर पीपीआयबीचे ठिपके पेशी-पेशींत भरलेले दिसले. मला त्या दिवशी झालेला आनंद शब्दांत सांगता येत नाही. तरीही काही ब्लॉक मुकेच राहिले. ऑपरेशननंतर तुकडा फॉर्मॅलिनमध्ये पडायला किती उशीर झाला हे कुठेच नोंदलेलं नसतं. शिवाय फॉर्मॅलिन ढोबळमानाने तासाला मिलिमीटरभर आत शिरतं, म्हणजे मोठी गाठ न चिरता बरणीत टाकली तर तिच्या मध्यापर्यंत ते पोचेस्तोवर आतला आरएनए विरघळायला लागलेला असतो. असे ब्लॉक आम्ही 'निगेटिव्ह' न म्हणता मोजणीतूनच वगळले. परीक्षकांनी यावर बरेच प्रश्न विचारले. मी त्यावर ठाम राहिले आणि आजही आहे.

दोन स्लाइड मला पाठ आहेत. एक तुलनेसाठी घेतलेल्या टॉन्सिलच्या गाठीची. कर्कपेशींच्या बेटांत तपकिरी ठिपके आणि भोवतीच्या लिम्फोसाइटच्या निळ्या समुद्रात एकही नाही, बेटाची किनार पेन्सिलने आखल्यासारखी. दुसरी गालाच्या गाठीची. तिच्यात पीसीआरने एचपीव्ही १६ चा डीएनए सापडला होता. पीपीआयबी भरभरून, डॅपबी कोरा, आणि ई६/ई७ चा एकही ठिपका नाही. विषाणूचा डीएनए तिथे सापडला, पण गाठीच्या पेशींत त्याच्या या जनुकांचं काम चालू असल्याची खूण नव्हती. ही दुसरी स्लाइड माझ्यासाठी पहिलीहून मोलाची आहे, कारण शेजारी पीपीआयबी नसता तर तिच्याबद्दल मला एक अक्षर लिहिता आलं नसतं.

आता आमच्या लॅबच्या मागणीपत्रात तीन जास्तीचे रकाने आहेत: तुकडा शरीराबाहेर काढल्याची वेळ, फॉर्मॅलिनमध्ये टाकल्याची वेळ, आणि डीकॅल्सिफिकेशन केलं (हाडातलं कॅल्शियम काढलं) असल्यास कशाने. पहिले दोन अजून बऱ्याचदा रिकामे येतात. तिसरा मात्र रुग्णालयातले टेक्निशियन न चुकता भरतात, आणि संशोधनासाठी मऊ भागाचा एक ब्लॉक आधीच बाजूला काढून ठेवतात.